पांढरीचं टेकाड, वीरगळ आणि रंगाखालचा लेख: गावानं काय करावं, काय करू नये

प्रश्न थोडक्यात असा आहे. सोलापूर जिल्ह्यातल्या मोहोळ तालुक्यात एका गावात ओढ्याकाठी पांढऱ्या मातीचं टेकाड आहे. शेजारच्या गटात शेततळं खोदताना खापरं आणि राख निघाली. महादेवाच्या देवळामागे सहा-सात वीरगळ (लढाईत पडलेल्या वीरांच्या स्मारकशिळा) पडून आहेत आणि खांबावर ऑइलपेंटखाली अक्षरं दिसतात. देवळाचा जीर्णोद्धार ठरलाय. तरुण मंडळींना टेकाड खोदून गावात संग्रहालय काढायचं आहे, शेतकऱ्याला सरकार जमीन घेईल अशी धास्ती आहे, आणि जुन्या दगडांचा गावाला उपयोग काय, असंही काहीजण विचारतात.

आधी उत्तर देतो, मग कारणं. टेकाड खोदू नका, अक्षरं घासू नका, वीरगळ हलवू नका. मोजा, फोटो काढा, लिहून ठेवा आणि कळवा. जुन्या वस्तूचं निम्मं मोल ती कुठे, कशाशेजारी, किती खोल होती यात असतं. जागा सुटली की उरतो तो दिवाणखान्यातला दगड.

टेकाडापासून सुरुवात करू. गावकरी 'काळी' आणि 'पांढरी' असा भेद करतात तो पुरातत्त्वाच्या फार कामाचा आहे. काळी म्हणजे पिकाची जमीन, पांढरी म्हणजे वस्तीची. एकाच जागी पिढ्यान्पिढ्या मातीच्या भिंती पडत गेल्या, त्यावर नवी घरं उभी राहिली, चुलीची राख, शेण, हाडं, खापरं साचत गेली, की माती फिकी होते आणि जागा उंचावते. तिच्यात खताचा गुण असतो, म्हणून लोक ती शेतात टाकतात. माळवदावर घालायलाही हीच माती नेली जायची. बैलगाडीनं न्यायची तेव्हा टेकाडाचा कडेचा लचका जायचा. आता जेसीबी आणि टिपर लावले की अख्खं टेकाड दोन-तीन दिवसांत सपाट होतं आणि वर डाळिंब किंवा ऊस उभा राहतो. जिल्ह्यातल्या जुन्या वस्त्यांना चोरांपेक्षा मोठा धोका या सपाटीकरणाचा आहे.

टेकाडाचं वय खापरांवरून ढोबळ कळतं. चाकावर घडवलेलं, नारिंगी-तांबडं, वर काळ्या रंगाच्या रेषा आणि टिचकी मारली की खणखणणारं खापर जोर्वे संस्कृतीचं (महाराष्ट्रातल्या आद्य शेतकऱ्यांच्या ताम्रपाषाणयुगीन संस्कृतीचं) असू शकतं, म्हणजे सुमारे तीन हजार वर्षं किंवा त्याहून जुनं. आतून आणि काठाला काळं, बाहेरून खाली लाल असं खापर, त्याच्या जोडीला मोठ्या आकाराच्या भाजलेल्या विटा, शंखाच्या बांगड्यांचे तुकडे आणि मातीचे मणी असतील तर सातवाहन काळाकडे बघायचं. हिरवट-निळसर किंवा पांढऱ्या चकाकीचा लेप असलेली खापरं बहुधा बहामनी-आदिलशाही काळातली असतात. एका खापरावरून मात्र काही ठरवू नका. पूर्वी कुणी दुसऱ्या टेकाडाची माती आणून टाकली असेल, तर खापरंही तिच्याबरोबर आलेली असतात.

आपल्या भागात आणखी एक फसगत होते. काळ्या रेगडीला उन्हाळ्यात हातभर किंवा त्याहून खोल भेगा पडतात. नाणं, मणी, बांगडीचा तुकडा त्यात पडतो आणि पावसाळ्यात भेग मिटते. त्यामुळे 'तीन फुटांवर शिवराई सापडली, म्हणजे तीन फुटांचा थर शिवकालीन' हा हिशेब रेगडीत चालत नाही. पांढरीत तो बराचसा चालतो, कारण ती इतकी फाटत नाही. म्हणून वस्तू कोणत्या मातीत सापडली हेही लिहायचं.

टेकाडावर फिरण्याचा हंगाम महत्त्वाचा. रब्बी ज्वारीच्या गावात जुलै ते सप्टेंबर रान बऱ्याचदा मोकळं असतं. चांगला पाऊस होऊन गेल्यावर वाफसा आला की खापरं धुऊन वर आलेली दिसतात, तेव्हा जा. उभ्या पिकात काही दिसत नाही. नांगरट झाल्या झाल्या ढेकळं असतात, तेव्हाही नाही. पाच-सहा जणांनी एकमेकांपासून ५ मीटर अंतर ठेवून सरळ रेषेत चालायचं. दर २० मीटरला थांबून एक मीटर व्यासाचं वर्तुळ आखायचं, त्यातली खापरं मोजायची, पट्टी ठेवून फोटो काढायचा आणि खापरं तिथंच परत ठेवायची. आकडे गट नकाशाच्या प्रतीवर टाकले की वस्ती कुठून कुठवर होती याचा आराखडा कागदावर दिसू लागतो. खोदकाम न करता मिळणारी ही माहिती आहे, आणि पुढे कोणी तज्ज्ञ आले तर ते पहिल्यांदा हाच कागद मागतील. पिशव्या भरून खापरं शाळेत नेली तर आराखडाही जातो आणि खापरांचा अर्थही.

आता शेततळं. खोदाई झालीच आहे, तर चारही भिंती म्हणजे फुकटात मिळालेला छेद आहे. प्लॅस्टिकचा कागद अंथरण्याआधी काम उरका. भिंत तासू नका, फक्त सुटी माती मऊ ब्रशनं झटका. काठावरून टेप सरळ खाली सोडा आणि भिंतीवर ऊन-सावलीचे पट्टे नसतील अशा वेळी, सकाळी लवकर किंवा ढगाळ हवेत, प्रत्येक भिंतीचे फोटो एकमेकांवर निम्मे येतील असे घ्या. मातीचा रंग जमिनीपासून किती सेंटिमीटरवर बदलतो, राख कुठे, चोपलेल्या जमिनीचा टणक पट्टा कुठे, एवढं लिहा. राखेचा थर सापडला तर त्यात हात घालू नका. तिच्यात जळकं धान्य असू शकतं. राख पाण्यात सोडली की कोळसा आणि जळके दाणे तरंगतात, ते बारीक चाळणीवर धरतात आणि त्या काळी गावात काय पिकत होतं ते कळतं. कोळशावरून कार्बन पद्धतीनं काळही काढता येतो. ते काम प्रयोगशाळेचं. आपण थर उघडा पडू न देता मातीनं झाकायचा आणि जागेवर खूण ठेवायची. माणसाचं हाड दिसलं तर मात्र काम थांबवून पहिल्यांदा पोलीस पाटलांना सांगा. ते हाड जुनं की नवं, हे आपण ठरवायचं नसतं.

'उपयोग काय' याचं एक उत्तर या राखेत आहे. भीमेच्याच खोऱ्यात, घोड नदीकाठच्या इनामगावात पुण्याच्या डेक्कन कॉलेजनं १९६८ ते १९८३ या काळात उत्खनन केलं. इसवी सनापूर्वी सुमारे १६०० ते ७०० या काळातली ही शेतकऱ्यांची वस्ती. आधीच्या टप्प्यात चौकोनी, प्रशस्त घरं, पुराचं पाणी वळवण्यासाठी बांध आणि कालवा, बार्लीसारखी पिकं. शेवटच्या टप्प्यात लहान गोल झोपड्या, आणि शिकार व जनावरांवर वाढलेला भर. हवामान कोरडं होत गेलं म्हणून असं झालं, ही मांडणी पुरातत्त्वज्ञ म. के. ढवळीकरांनी केली. तिच्यावर वाद आहे आणि असायला हवा. पण दुष्काळ हा ज्या जिल्ह्याचा रोजचा विषय आहे, तिथं तीन हजार वर्षांपूर्वीच्या शेतकऱ्यानं पाण्याची तंगी कशी निभावली, हा प्रश्न शोभेचा नाही. सोलापूरच्या टेकाडांतून याची उत्तरं काढण्याचं काम खूप शिल्लक आहे, आणि त्यासाठी टेकाडं शिल्लक राहायला हवीत.

तरुणांनी खोदू नये याचं कारण केवळ कायदा नाही. कायदाही आहेच: भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाची परवानगी असल्याशिवाय विद्यापीठसुद्धा उत्खनन करत नाही. पण मुख्य अडचण अशी की उत्खनन ही पुन्हा न करता येणारी गोष्ट आहे. थर एकदा काढला की तो फक्त नोंदींत उरतो. चौकोन आखून, मधे माती राखून, एकेक थर सुटा करून, सगळी माती चाळून, रोज नकाशे काढत काम करावं लागतं. महिनाभराच्या खोदकामाची वर्गवारी आणि अहवाल पुढे कित्येक वर्षं चालतो. कुदळ-फावड्यानं काढलेल्या खड्ड्यातून वस्तू येतात, इतिहास येत नाही.

वीरगळांकडे वळू. साधारणपणे वीरगळावर खालून वर वाचायचं असतं. सर्वांत खाली पडलेला वीर किंवा लढाई. गाईंचे कळप दिसले तर गोधन राखताना आलेलं मरण. मधल्या चौकटीत अप्सरा त्याला नेताना, वर तो शिवलिंगाची पूजा करताना, माथ्यावर कलश आणि चंद्र-सूर्य. सतीशिळेवर कोपरात वाकलेला, बांगड्या भरलेला हात असतो. एखाद्या दगडावर गाढव आणि चंद्र-सूर्य दिसले तर ती गधेगाळ, म्हणजे दान मोडणाऱ्याला घातलेली शिवी. तिच्यावर लेख असण्याची शक्यता मोठी, म्हणून तो दगड आधी बघा. प्रत्येक दगडाची उंची, रुंदी, जाडी, तोंड कोणत्या दिशेला, जमिनीत किती गाडलेला, चौकटी किती, हे लिहायचं. समोरून, दोन्ही बाजूंनी, मागून आणि प्रत्येक चौकटीचा वेगळा फोटो, शेजारी पट्टी ठेवून.

गावोगाव हौसेनं एक गोष्ट होते: सगळे वीरगळ उचलून देवळासमोर ओळीनं सिमेंटच्या चौथऱ्यात रोवतात आणि शेंदूर फासतात. दिसायला बरं दिसतं. पण वीरगळ वेशीजवळ होता, की शिवेवर, की ओढ्याच्या उतारावर, यावरून चकमक कुठे झाली, जुनी वाट कुठून जात होती, गावाची हद्द कुठे होती, याचा अंदाज येत असतो. तो पुसला जातो. शिवाय सिमेंटमध्ये गाडलेली खालची चौकट पुन्हा दिसत नाही, आणि नेमकी तिच्यावरच लढाई असते. रस्तारुंदीत हलवावाच लागला तर आधी जागेचे अक्षांश-रेखांश पाच दशांशांपर्यंत नोंदवा, मूळ तोंडाची दिशा पाळा, आणि नव्या जागी मुरूम-वाळूच्या चोपलेल्या थरावर उभा करा. आधीच शेंदूर असेल आणि पूजा चालू असेल तर ती चालू द्या. पूजेतला दगड सहसा चोरीला जात नाही, हा अनुभव कुठल्याही संग्रहालयवाल्याला विचारा.

खांबावरचा लेख हा तुमच्या यादीतला सर्वांत घाईचा विषय, कारण जीर्णोद्धाराचा कंत्राटदार पहिल्याच आठवड्यात ग्राइंडर किंवा सँडब्लास्टिंग लावतो. जुन्या लेखाची अक्षरं एक-दोन मिलिमीटर खोल असतात. वाळूच्या माऱ्यात ती बोथट होतात आणि मग कुणालाच वाचता येत नाहीत. तारेचा ब्रश, ॲसिड, थिनर, दाबाचं पाणी, सगळं वर्ज्य. खडू, पीठ, भस्म भरून अक्षरं उठवायचीही नाहीत: आपल्याला जे अक्षर वाटतं तेच आपण भरतो आणि पुढचा वाचणारा चुकतो. ऑइलपेंट काढायचं काम प्रशिक्षित रसायनतज्ज्ञाचं. तो आधी तळहाताएवढ्या जागेवर चाचणी घेईल.

तोवर रंगासकट फोटो घ्या. रीत सोपी आहे. अंधार पडल्यावर मोबाइल ट्रायपॉडवर किंवा विटांच्या थप्पीवर लेखाच्या बरोबर समोर पक्का ठेवा, फ्लॅश बंद. बॅटरीचा झोत दगडाला जवळजवळ समांतर, १०–१५ अंशांत, आधी डावीकडून, मग उजवीकडून, वरून आणि खालून टाका. मोबाइल न हलवता चार फोटो. उथळ रेषा एका झोतात लपतात आणि दुसऱ्यात उठतात. मग जवळून, एकमेकांवर निम्मे येणारे तुकड्यातुकड्यांचे फोटो. कागदाचा ठसा घेणं हे शिकूनच करायचं काम आहे, आणि रंगाच्या जाड थरावर ठसा नीट उठत नाही.

वाचायला कोणाला द्यायचं? इथं सोलापूरचा भूगोल लक्षात घ्या. कल्याणीचे चालुक्य, मंगळवेढ्याला राजधानी असलेले कलचुरी, मग यादव, असा इथला क्रम. त्यामुळे जुने लेख पुष्कळदा हळेकन्नडात (जुन्या कन्नडात) असतात, काही संस्कृतात, काही मराठीत, आणि पुढचे फारसी-अरबीत. मराठी वाचकाला कन्नड लेख 'मोडीसारखा काहीतरी' वाटतो आणि फाइल बंद होते. पिराच्या दर्ग्यावरचा लेखही याच नोंदवहीत यायला हवा. आपला-परका अशी निवड केली की प्रदेशाचा इतिहास निम्माच उरतो.

लेखातला शक कळला की त्यात ७८ मिळवा, इसवी सन साधारण येतो. दक्षिण सोलापूर तालुक्यात भीमा-सीनेच्या संगमावर हत्तरसंग कुडल इथल्या संगमेश्वर मंदिरातला लेख शके ९४०चा, म्हणजे इ. स. १०१८चा. त्यात मराठी ओळ आहे आणि हा लेख वाचणारा विजयी होईल असा तिचा आशय आहे. तो प्रकाशात आणणारे आनंद कुंभार कोणत्याही विद्यापीठात प्राध्यापक नव्हते. चिकाटीनं जिल्हा पालथा घालून त्यांनी लेखांच्या नोंदी केल्या. कुडलचं नाव सर्वत्र 'मराठीतला आद्य लेख' या दाव्यामुळे घेतलं जातं. माझं मत विचाराल तर पहिल्या नंबराच्या या शर्यतीत गावानं पडू नये. कोणत्या देवळाला किती जमीन, कोणत्या घाण्याचं तेल दिव्याला, कोणत्या बाजाराचा कर कोणाला, हे सांगणारा साधा दानलेख गावाला जास्त काही देतो: जुनी पिकं, मापं, पेठा, शेजारच्या गावांची तेव्हाची नावं.

नावांचा विषय निघालाच आहे. शाळेतल्या मुलांना एक काम द्या: शिवारातल्या रानांची नावं गोळा करणं. पांढरीचं रान, कोटाची पट्टी, बुरजाचं, गढीचं, पिराचं, कुंभारखाण. ही नावं सातबाऱ्यावर नसतात, ऐंशीच्या घरातल्या माणसांच्या तोंडी असतात. तलाठी कार्यालयातल्या जुन्या नोंदींत 'बेचिराख' असा शेरा असलेली गावं सापडतात, म्हणजे महसुलात नाव आहे पण वस्ती नाही. दुष्काळ, रोगराई, लढाया यांत उठलेली ती गावं. रानाचं नाव, बेचिराख गावाचा नकाशा आणि पांढरीचं टेकाड एका जागी जुळलं, तर तुमच्याकडे खोदकामाशिवाय एक हरवलेलं गाव आलं. नावं कोणी सांगितली हेही लिहा. मेंढपाळ आणि वडार समाजातल्या जाणत्यांना शिवार पाटलांपेक्षा जास्त पायाखालचं असतं, आणि दगड कोणत्या खाणीचा हे वडारच सांगू शकतात.

उजनीकाठच्या गावांना तर हे काम फार जवळचं आहे. १९८० च्या सुमारास धरण भरलं आणि करमाळा-माढ्यापासून इंदापूरपर्यंतची जुनी गावठाणं पाण्यात गेली. एप्रिल-मेमध्ये पाणी उतरलं की पलीकडे इंदापूर बाजूला पळसदेवचं जुनं देऊळ उघडं पडतं, तशीच वाड्यांची जोती आणि आडही. ते दोन महिने नोंदीचे. विस्थापित घरांतली वडीलधारी माणसं बरोबर असतील तर कोणत्या जोत्यावर कोणाचं घर, हे ती सांगतात. गाळात एकट्यानं उतरू नये, पाय कमरेपर्यंत जातो.

आता शेतकऱ्याची भीती. खापरं निघाली म्हणून जमीन जात नाही. राज्य सरकारला एखादी जागा १९६० च्या महाराष्ट्राच्या कायद्याखाली संरक्षित करायची तर आधी अधिसूचना निघते, हरकतींना दोन महिने मिळतात, मग अंतिम निर्णय. संरक्षित झाल्यावरही मालकी आपोआप बदलत नाही, वापरावर बंधनं येतात. १०० मीटरपर्यंत बांधकामबंदी आणि त्यापुढे २०० मीटर परवानगीचा पट्टा, हा जो नियम सोलापूरच्या भुईकोटाजवळ लोकांना माहीत आहे, तो केंद्र संरक्षित स्मारकांचा आहे. तुमच्या टेकाडाला तो लागत नाही.

जमिनीत पुरलेलं धन सापडलं, अगदी दहा रुपयांच्या वर किमतीचं, तर १८७८ च्या निखात निधी कायद्यानुसार जिल्हाधिकाऱ्यांना लेखी कळवावं लागतं: काय, किती, कुठे, कधी. लपवलं तर हक्कही जातो आणि शिक्षाही होते. नाणी चिंच, लिंबू किंवा भांड्याच्या पावडरीनं घासू नका. वरचा थर जाताना अक्षरंही जातात. आणि नेमक्या जागेसकट फोटो व्हॉट्सॲपवर टाकू नका, गुप्तधनवाले आठवड्याच्या आत रात्री येतात. उलट देवळातल्या धातूच्या मूर्तींचे चारही बाजूंचे फोटो, मापं, वजन, तुटका भाग, डाग यांची नोंद मात्र ग्रामपंचायतीच्या कपाटात हवीच. मूर्ती चोरीला जाऊन पुढे सापडली, तर ती तुमचीच हे सिद्ध करायला दुसरा कागद नसतो.

संग्रहालयाबद्दल: धाराशिव जिल्ह्यातल्या तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे यांचा संग्रह पुढे शासनाचं संग्रहालय झाला, हे खरं. पण तेर म्हणजे रोमन व्यापाराच्या काळातलं तगर, तिथलं सगळंच प्रमाण वेगळं. तुमच्या गावाला खोली नको, वही पुरेल. तीन प्रती: ग्रामपंचायत, शाळा आणि विद्यापीठ.

राहिला जीर्णोद्धार. जुनं देऊळ घडीव दगड एकमेकांत बसवून उभं असतं, दगडांमध्ये चुनाही नसतो. सांध्यांतून ओल बाहेर पडते. सिमेंट भरलं की ती अडते, दगडातून वाट काढते, क्षार पृष्ठभागावर येतात आणि पापुद्रे सुटतात. पुढे सिमेंट काढायचं तर दगडच फुटतो. फरशी टाकताना दुसरी चूक होते: जमीन चार-सहा इंच उंचावते, खांबाची बैठक गाडली जाते, पाण्याची पन्हाळ बंद होते आणि गाभाऱ्यात पाणी तुंबतं. छत गळत असेल तर वर काँक्रीटचा स्लॅब टाकून वजन वाढवू नका. झाडांची मुळं काढून, सांधे मुरवलेल्या चुन्यानं भरून पाहा. एक भाग चुना, एक भाग सुरखी (विटांची भुकटी), एक ते दोन भाग धुतलेली वाळू इथून सुरुवात करा. आधी लहान जागेवर लावून दोन-तीन आठवडे ओलं ठेवा. तडे गेले तर वाळू वाढवा. चुना झटपट सुकवला तर भुगा होतो, म्हणून हे काम मेमध्ये काढू नका.

ग्रामसभेचा ठराव करून एक अर्ज तयार करा: गाव, गट क्रमांक, अक्षांश-रेखांश, काय आहे, फोटो, कोणतं काम कधी सुरू होणार. प्रती चार: तहसीलदार, राज्य पुरातत्त्व संचालनालयाचं विभागीय कार्यालय, पुण्यश्लोक अहिल्यादेवी होळकर सोलापूर विद्यापीठाचा पुरातत्त्व विभाग, आणि देवस्थान नोंदणीकृत असेल तर धर्मादाय कार्यालय. प्रत्येक ठिकाणी पोच घ्या. आणि कंत्राटदाराला विसार देण्याआधी अंदाजपत्रकात दोन ओळी घालून घ्या: ग्राइंडर व सँडब्लास्टिंग नाही, आणि लेखाचा खांब काम संपेपर्यंत फळ्या व गोणपाटानं झाकलेला राहील.